सबटायटलच्या टेबलावरून संकलनाच्या टेबलावर जाता येतं का?

प्रश्न थोडक्यात असा: पुण्यात जर्मनमध्ये एम.ए. केलेली सव्वीस वर्षांची मुलगी चार वर्षं सबटायटलचं काम करते आहे. फिल्म स्कूलला गेलेली नाही. तिला माहितीपटाची संकलक, म्हणजे एडिटर, व्हायचं आहे, शक्यतो जर्मनीत. तिथल्या माहितीपट-संकलकाचं करिअर प्रत्यक्षात कसं घडतं आणि भाषेच्या वाटेने तिथवर पोचता येतं का, असं तिने विचारलं आहे.

वयाने तू माझ्या विद्यार्थिनींएवढी आहेस, म्हणून एकेरीतच लिहिते. मी तीस वर्षं माहितीपटांचं संकलन करते आहे. हात बसला तो पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये, फिल्म बघून कापायच्या स्टीनबेक टेबलावर. ते टेबलही जर्मनच, हॅम्बुर्गच्या कंपनीचं. त्यामुळे तुझा प्रश्न वाचला तेव्हा एक नाव लगेच डोळ्यांसमोर आलं. तुझ्या प्रश्नाच्या दुसऱ्या भागाचं उत्तर आधी देते: पोचता येतं. एक बाई नेमक्या याच वाटेने गेल्या, आणि चित्रपटाच्या इतिहासात सर्वांत लांब चाललेल्या माहितीपट-मालिकांपैकी एकीचं संकलन त्यांनी केलं.

बार्बारा युंगे. जन्म १९४३, थुरिंगिया प्रांतातला. लाइपझिग विद्यापीठात त्यांनी इंग्रजी आणि रशियन भाषांचा अभ्यास केला. १९६९ साली त्या पूर्व जर्मनीच्या सरकारी चित्रसंस्थेत, म्हणजे डेफाच्या माहितीपट स्टुडिओत लागल्या, त्या परभाषांतल्या आवृत्त्यांच्या कामावर. जर्मन माहितीपट बाहेरच्या देशांत पाठवायचे, तर निवेदन आणि बोलणं दुसऱ्या भाषेत आणून चित्रावर बसवावं लागतं, ते काम. तू आज वेगळ्या यंत्रावर हेच करतेस. पुढे १९७८ मध्ये त्यांनी लांबत चाललेल्या एका चित्रमालिकेच्या फिल्मच्या साठ्याची व्यवस्था लावायला घेतली. १९८३ पासून तिचं संकलन त्यांच्याकडे आलं. १९९०च्या दशकात दिग्दर्शक म्हणून पती विनफ्रीड युंगे यांच्या जोडीने त्यांचं नाव लागू लागलं.

यातली मधली पायरी नीट बघ. भाषांतरावरून त्या थेट संकलनावर गेल्या नाहीत. मध्ये पाच वर्षं त्या साठ्यात होत्या. त्यांच्याबद्दल लिहिताना लोक ही पाच वर्षं एका वाक्यात उरकतात. माझ्या मते तीच वर्षं त्यांना संकलक करून गेली.

मालिका कोणती ते सांगते. बर्लिनच्या पूर्वेला, पोलंडच्या सीमेजवळ, ओडर नदीच्या पाणथळ सपाट मुलखात गोल्त्सो नावाचं गाव आहे. त्या मुलखाला ओडरब्रुख म्हणतात. १९४५ च्या वसंतात तिथे मोठी लढाई झाली आणि गावं उद्ध्वस्त झाली. १९६१ मध्ये गोल्त्सोला नवी शाळा झाली. माहितीपटकार कार्ल गास यांनी आपला तरुण सहकारी विनफ्रीड युंगे याला कल्पना सुचवली, की तिथल्या पहिलीत जाणाऱ्या मुलांचं चित्रण कर आणि त्यांच्याकडे पुन्हापुन्हा जात राहा. बर्लिनची भिंत १३ ऑगस्ट १९६१ ला उभी राहायला लागली आणि त्याच महिन्याच्या अखेरीला गोल्त्सोत कॅमेरा लागला. बालवाडीच्या वाळूत खेळणारी मुलं, मग शाळेचा पहिला दिवस. पहिला चित्रपट पंधरा मिनिटांचाही नव्हता. ब्रिटनमध्ये सात वर्षांच्या मुलांना घेऊन अशीच मालिका सुरू झाली ती १९६४ मध्ये, म्हणजे यानंतर तीन वर्षांनी. गोल्त्सोची मालिका २००७ पर्यंत चालली. वीसेक चित्रपट झाले, एकूण लांबी चाळीस तासांच्या वर. वाळूत खेळणारी मुलं शेवटी पन्नाशी ओलांडलेली दिसतात.

आता संकलकाच्या जागी बसून विचार कर. १९७८ साली गोल्त्सोचं सतरा वर्षांचं चित्रण साठलेलं होतं. ३५ मिलिमीटर फिल्मचा ३०० मीटरचा डबा म्हणजे जेमतेम अकरा मिनिटं. १९८१ मध्ये या मालिकेतला 'लेबेन्सलॉयफे' आला. शब्दाचा अर्थ 'जीवनक्रम', आपण नोकरीच्या अर्जाला जोडतो त्या माहितीलाही जर्मनमध्ये हाच शब्द. तो २५७ मिनिटांचा आहे, म्हणजे पडद्यावर जे दिसतं तेवढीच फिल्म सात किलोमीटर भरते. न वापरलेली त्याहून कितीतरी जास्त. शिवाय आवाजाची मॅग्नेटिक फिल्म वेगळी, निगेटिव्ह वेगळं. संगणकाची शोधखिडकी नाही. हे कोणाच्या तरी डोक्यात आणि कोणाच्या तरी वहीत असल्याशिवाय त्याचा उपयोग शून्य. एखादा मुलगा १९६६ मध्ये फळ्यापाशी अडखळला होता, हे १९९३ मध्ये कोणाला आठवणार? तो तुकडा कोणत्या डब्यात आहे, त्याचा आवाज शाबूत आहे का, त्या वेळी तो चित्रपटात घेतला होता की नाही, आणि घेतला नसेल तर का? अशा प्रश्नांची उत्तरं ज्या व्यक्तीजवळ असतात ती संकलकाच्या खुर्चीत बसण्याआधीच संकलक झालेली असते.

हे मी स्वतः ठेच लागून शिकले. संकलनात नवी असताना एका निर्मितीसंस्थेसाठी मराठवाड्यातल्या पाण्यावर माहितीपट करत होते. रशेसच्या, म्हणजे न कापलेल्या कच्च्या चित्रणाच्या, नोंदी शूटिंगवरच्या एका मुलाने केल्या होत्या आणि त्या तपासून घ्यायला मला वेळ दिला गेला नाही. एका टेपपुढे त्याने लिहिलं होतं: 'बाई, विहीर, ओके.' मी दोनदा भरभर बघितली आणि पुढे गेले. चित्रपट दाखवून झाल्यावर वर्षभराने दुसऱ्याच कारणासाठी तीच टेप लावली. बाई पोहरा ओढते आहे. शेवटच्या चार सेकंदांत दोर हातातून सुटतो आणि ती तळवा पदराला पुसते. कॅमेरामनने कॅमेरा बंद करायच्या आधीचा तो क्षण. तळव्यावर दोराचा वळ दिसतो. साऱ्या चित्रपटात जे सांगायला मी निवेदनाची दोन पानं खर्च केली होती, ते त्या चार सेकंदांत होतं. तेव्हापासून रशेसच्या नोंदी मी दुसऱ्या कोणाला करू देत नाही. 'बाई, विहीर' एवढ्यावर थांबत नाही. हात कुठे आहे, नजर कुठे आहे, श्वास कुठे घेतला, मागे काय ऐकू येतं, शॉटच्या शेपटीला काय आहे, हे सगळं लिहिते. शेपटी तर नक्की. माणूस मोकळा होतो तो बहुधा प्रश्न संपल्यावर आणि कॅमेरा बंद व्हायच्या आधी.

गोल्त्सोच्या साठ्याचं खरं मोल १९८९ नंतर कळलं. भिंत पडली, वर्षभरात देश संपला. गावची सामुदायिक शेती मोडीत निघाली, माणसांची कामं गेली, आणि चित्रण करणारा डेफाचा स्टुडिओही गुंडाळला गेला. ज्या देशाची नवी पिढी दाखवायची म्हणून मालिका सुरू झाली होती, तो देशच नकाशावर राहिला नाही. त्यानंतर 'ड्रेबुख: डी त्साइटन' आला, १९९३ मध्ये. नावाचा अर्थ साधारण 'पटकथा: काळाची'. लांबी २८४ मिनिटं. या चित्रपटात युंगे दांपत्य मागे वळून आपल्याच कामाची झडती घेतं. तेव्हा काय चित्रित केलं, त्यातलं काय वापरलं, काय बाजूला ठेवलं, डेफामध्ये काम कसं चालायचं. आधी कुठेच न दिसलेले तुकडे यात येतात. आता सांग, बाजूला ठेवलेलं नीट ठेवलं नसतं तर हा चित्रपट झाला असता का? संकलक वगळतो ते फेकून देत नाही, त्याला सांभाळावं लागतं. १९६० च्या दशकात जो शॉट 'उपयोगाचा नाही' ठरला, तो तीस वर्षांनी सर्वांत बोलका झाला, कारण तो उपयोगाचा का ठरला नव्हता हेच आता सांगायचं होतं.

पुढच्या दशकात एकेका माणसावर स्वतंत्र चित्रपट आले, दोन-दोन, तीन-तीन तासांचे. युर्गन, विली, एल्के, मारीलुइझे, डीटर, योखेन, बेर्न्ड. नावं बघ. एल्केच्या चित्रपटाच्या नावाचा अर्थ 'माझ्या आयुष्याशी तुमचा काय संबंध'. मारीलुइझेच्या नावाचा अर्थ 'घ्या, हे माझं आयुष्य'. त्या दोन नावांमध्ये माहितीपटाच्या संकलकाची सगळी अडचण आहे. माणूस सहाव्या वर्षी कॅमेऱ्यासमोर आला तेव्हा त्याला कोणी विचारलं नव्हतं. चाळिशीत तो तुमच्यासमोर बसून म्हणतो, की आता पुरे. तो 'पुरे' ठेवायचा की कापायचा? त्यांनी तो ठेवला, थेट शीर्षकात ठेवला. योखेनच्या चित्रपटाच्या नावात 'फिलाडेल्फियाचा' असा शब्द आहे. बर्लिनच्या दक्षिणपूर्वेला या नावाचं एक छोटं गाव आहे, ते हे; अमेरिकेतलं शहर नव्हे.

ब्रिगिटेबद्दल जरा थांबून लिहिते. या मुलांपैकी ती तरुणपणीच गेली. १९९८ च्या चित्रपटाच्या नावात तिच्या शेजारी मार्सेल हे नाव आहे, तिच्या मुलाचं. आता टेबलावर काय येतं बघ. तिची सहा वर्षांची असतानाची चित्रं, शाळेतली, तरुणपणीची, आणि त्यापुढे तिचीच गोष्ट तिच्याशिवाय पुढे नेणारा मुलगा. अशा वेळी नवखा संकलक पहिली गोष्ट कोणती करतो ते मी अनेकदा पाहिलं आहे. जुना हसरा चेहरा घेतो, त्याच्यावर संगीत चढवतो आणि हळूहळू विरत नेतो. प्रेक्षक रडतो, पण त्याला काहीच कळलेलं नसतं. साठा ओळखणाऱ्याला हे करावं लागत नाही. जुना प्रसंग त्याच्या मूळ लांबीत, त्याच्या मूळ आवाजासकट चालू द्यायचा. वर्गातला गोंगाट, बाकाची करकर, बाईंचा प्रश्न. त्या मुलीला त्या क्षणी फक्त उत्तर आठवायचं असतं. पुढे काय होणार हे तिला ठाऊक नसतं आणि आपल्याला असतं. तेवढं पुरतं. युंगेंच्या उत्तरार्धातल्या चित्रपटांत मला हा संयम सारखा जाणवतो. लहानपणीच्या चेहऱ्यावरून मोठेपणीच्या चेहऱ्यावर थेट उडी मारण्याचा मोह अशा मालिकेत पदोपदी असतो, आणि पहिल्यांदा ती उडी सुंदरही दिसते. पाचव्यांदा ती सवय होते. जुना प्रसंग प्रसंग म्हणून जगू दिला की मधली वीस वर्षं प्रेक्षक स्वतः भरतो.

सगळंच मला पटतं असं नाही. निवेदन विनफ्रीड युंगे यांच्या आवाजात आहे आणि काही ठिकाणी ते चित्राच्या आधी धावतं. जे दिसतंच आहे ते पुन्हा सांगतं. त्यांचे प्रश्नही कधीकधी उत्तर हातात देऊन विचारलेले असतात. मी त्या टेबलावर असते तर काही निवेदन गाळायचा हट्ट धरला असता. पण संकलन शिकणाऱ्याने मुद्दाम बघावं असं हे आहे, कारण प्रश्नकर्त्याचा आवाज कापून त्यांनी स्वतःला सोवळं ठेवलेलं नाही. प्रश्न ऐकू येतो, त्यानंतरची शांतता ऐकू येते, आणि उत्तर कशाचं उत्तर आहे ते समजतं. आज बहुतेक माहितीपटांत प्रश्न कापून टाकतात आणि उत्तर असं लावतात की जणू माणूस आपणहून बोलला.

आता तुझ्या भाषेकडे येते, कारण तुला वाटतं तसा तो तुझा उणा भाग नाही.

माहितीपटाचं संकलन निम्म्याहून जास्त बोलण्याचं असतं. माणूस वीस मिनिटं बोलतो, त्यातली दीड मिनिटं ठेवायची, आणि तरी तो तोच माणूस राहिला पाहिजे. जर्मन वाक्यात अर्थाची किल्ली शेवटी असते. 'इश व्हेरे गेर्न गेब्लीबन', म्हणजे 'मला राहायला आवडलं असतं'. शेवटचा 'गेब्लीबन' येईपर्यंत ऐकणाऱ्याला कळत नाही की राहायला, यायला की आणखी काही. 'इश ह्योरे दामिट आउफ', म्हणजे 'मी हे थांबवतो'. त्यातला शेवटचा 'आउफ' घाईत कापला गेला तर क्रियापदच बदलतं, वाक्य ऐकण्याविषयीचं होऊन बसतं. इंग्रजीवर हात बसलेला संकलक इथे चुकतो, त्याला वाटतं वाक्य संपलं. मराठी माणसाचा कान या बाबतीत तयार असतो, कारण आपलंही क्रियापद शेवटी येतं आणि नकार तर त्याच्याही नंतर. 'मला शेती नको होती असं नाही.' शेवटचे दोन शब्द गेले की बाईने आयुष्यभर जे म्हटलं त्याच्या उलट तुम्ही पडद्यावर म्हणून मोकळे. मी 'असं नाही' कापलं गेलेलं प्रत्यक्ष पाहिलं आहे. एका वाहिनीच्या चित्रफितीत एका शेतकऱ्याच्या तोंडी ते घातलं गेलं, आणि त्याला गावात उत्तरं देत फिरावं लागलं.

सबटायटल करताना तू रोज काय करतेस? वाक्य कुठे तोडलं तर अर्थ तुटत नाही हे शोधतेस. माणूस अडखळला ते दाखवायचं की सावरून घ्यायचं हे ठरवतेस. दोन ओळींत, काही सेकंदांत माणसाचा स्वभाव मावेल का हे पाहतेस. हे संकलनच आहे, फक्त कात्री तुझ्या हातात नाही. १९८८ च्या सुमारास विनफ्रीड युंगे यांनी इंग्लंडमधल्या न्यूकॅसलला जाऊन तिथल्या लोकांवर माहितीपट केला. त्या टेबलाजवळ इंग्रजीची पदवी घेतलेली व्यक्ती असण्याचा अर्थ काय, ते तुला वेगळं सांगायला नको.

एक सावधगिरी मात्र बाळग. तुझं जर्मन वर्गातलं असेल. गोल्त्सोची माणसं ब्रँडेनबुर्गच्या बोलीत बोलतात. तिथे 'इश' चा 'इक' होतो, 'दास' चा 'दित'. बव्हेरियात गेलीस तर आणखी निराळं. सबटायटल करताना लिखित संहिता हाताशी असते, रशेस ऐकताना नसते. म्हणून बोली ऐकण्याचा सराव आत्तापासून ठेव. कोल्हापूरकडच्या माणसाचं बोलणं पुण्यातल्या संकलकाने सपाट करून टाकलं की काय होतं ते आपण जाणतोच.

आता उलट्या स्वभावाचं उदाहरण. पश्चिम जर्मनीत त्याच काळात बेआटे माइंका-येलिंगहाउस होत्या. आलेक्झांडर क्लुगे आणि व्हेर्नर हर्झोग या दोन अगदी वेगळ्या दिग्दर्शकांचे चित्रपट त्यांनी वर्षानुवर्षं कापले, कथापट आणि माहितीपट दोन्ही. अंध-बधिर माणसांवरचा हर्झोग यांचा १९७१ चा माहितीपट त्यांच्याच टेबलावर झाला. हर्झोग यांनी सांगितलेली एक आठवण आहे. सुरुवातीच्या काळात चित्रणाचा एक रोल उलटा गुंडाळलेला होता. तो तसाच टेबलावर चढवून माइंका-येलिंगहाउस यांनी भरधाव वेगाने शेवटपर्यंत पाहिला आणि वाईट आहे म्हणून बाजूला टाकून दिला. हर्झोग हादरले. काही आठवड्यांनी त्यांना कळलं की बाईंचंच बरोबर होतं. पहिल्या नजरेवर इतका विश्वास असलेले संकलक असतात आणि ते थोरही असतात. बार्बारा युंगे त्या जातीच्या नाहीत. तू कोणत्या जातीची आहेस ते पहिल्या दोन-तीन चित्रपटांत कळेल. सबटायटलवरून येणारी माणसं बहुधा जपणाऱ्यांत निघतात, असा माझा अनुभव आहे.

करिअर म्हणून विचारतेस तर काही गोष्टी स्पष्ट सांगायला हव्यात. बार्बाराबाईंची वाट जशीच्या तशी आज मिळणार नाही. डेफामध्ये मासिक पगाराची नोकरी होती. साठ्याची व्यवस्था लावायला एका माणसाला वर्षानुवर्षं बसवणं सरकारी स्टुडिओला परवडत होतं. शिवाय दिग्दर्शक त्यांचे पती होते, विषय घरात होता. १९९० नंतर त्यांनाही हे सोपं राहिलं नाही. स्टुडिओ गेला, आणि पुढचे चित्रपट स्वतंत्र निर्मात्याबरोबर, सार्वजनिक दूरचित्रवाहिन्यांच्या साहाय्याने उभे करावे लागले. तरी मालिका आणखी सतरा वर्षं चालली.

दुसरं, जर्मनीत संकलन हे दीर्घकाळ बायकांचं काम मानलं गेलं. पूर्वेकडे 'श्निटमाइस्टरिन', पश्चिमेकडे 'कटरिन', दोन्ही स्त्रीलिंगी शब्द सर्रास. म्हणून संधी होती, आणि म्हणूनच नाव मागे राहायचं. टेबलाजवळ बसून हाताने करायचं काम आहे, त्याला डोकं कशाला लागतं, असा समज. हा समज मोडायला संकलकांना संघटना उभी करावी लागली. आज जर्मनीत संकलकांचा स्वतंत्र संघ आहे आणि कोलोनमध्ये फक्त संकलनाला वाहिलेला एडिमोशन हा महोत्सव भरतो. त्यात माहितीपटाच्या संकलनाला वेगळं पारितोषिक असतं. तू जर्मनीत असशील त्या वर्षी तिथे जाच. संकलक मंचावर बसून एकेका कटबद्दल बोलताना ऐकणं हे शिक्षण आहे.

आजचे रस्ते साधारण दोन. एक, चित्रपट विद्यापीठ. बाबेल्सबेर्गची संस्था १९५४ पासूनची, विनफ्रीड युंगे तिथल्या पहिल्या विद्यार्थ्यांपैकी. तिथे 'मोन्टाजे' असा स्वतंत्र अभ्यासक्रम आहे. लुडविग्सबुर्गची अकादमी आणि कोलोनची चित्रपटशाळा इथेही संकलनाची शाखा आहे. प्रवेशासाठी कामाचे नमुने आणि मुलाखत असते, शिकवणं मुख्यतः जर्मनमध्ये, जागा मोजक्या. दुसरा रस्ता तीन वर्षांच्या व्यवसाय-प्रशिक्षणाचा, 'मेडियनगेश्टाल्टर' या नावाचा. काही वेळ शाळा, जास्त वेळ कंपनीत किंवा वाहिनीत काम, आणि त्या काळात विद्यावेतन. हा रस्ता आपल्याकडच्या पालकांना कमी प्रतिष्ठेचा वाटतो. तसं अजिबात नाही. तिथले कित्येक चांगले संकलक असे सहायकाच्या कामावरूनच वर आले आहेत.

त्यानंतर बहुतेकजण स्वतंत्रपणे काम करतात. एक चित्रपट संपला की दुसरा शोधायचा. पोटापाण्याचं काम वाहिन्यांचं असतं, पाऊण तासाची चौकट, ठरलेली मुदत. मनासारखा दीड तासाचा माहितीपट मध्येच कधीतरी मिळतो, त्याला संकलनाचे तीन-चार महिने मिळाले तर नशीब. भाड्याच्या घराचा हिशेब आधी कर. मी हे घाबरवायला लिहीत नाही. पहिल्या पाच वर्षांत चांगले हात मी याच कारणाने गमावताना पाहिले आहेत, आणि त्याचं मला अजून वाईट वाटतं.

तू आज काय करावंस? ॲव्हिड किंवा प्रीमियर, संकलनाचं जे सॉफ्टवेअर मिळेल ते शिक, दोन महिन्यांत हात बसतो. त्यात अडकून पडू नकोस. त्यापेक्षा साठ्याचं काम माग. पुण्या-मुंबईत कितीतरी माहितीपटकारांकडे हार्ड डिस्कच्या चळती पडून आहेत, ज्यांच्या नोंदी कोणीच केलेल्या नाहीत. कोणत्या डिस्कवर काय आहे हे खुद्द दिग्दर्शकालाही सांगता येत नाही. त्यांच्याकडे जा आणि सांग, मी दोनशे तासांच्या नोंदी करते, बोलणं उतरवून देते, टाइमकोडसकट, म्हणजे कोणत्या मिनिट-सेकंदाला काय आहे त्यासकट. पैसे कमी मिळतील, पण घे. शंभर तास बघून झाल्यावर तूच म्हणशील की याच्याआधी हे यायला हवं. ते म्हणायची वेळ आली की दिग्दर्शक तुला खुर्ची देतो. मला स्वतःला पहिली खुर्ची अशीच मिळाली.

आणि गोल्त्सोचे चित्रपट शोधून बघ. पुण्याच्या मॅक्स म्युलर भवनात विचार. सुरुवात 'लेबेन्सलॉयफे'पासून कर, तो बार्बाराबाई संकलक होण्याआधीचा आहे. मग 'ड्रेबुख: डी त्साइटन' बघ. दोन्हींत सामाईक असलेले तुकडे वहीत टिपत जा: कोणता शॉट दोन्हीकडे आला, किती लांब राहिला, त्याच्यावर कोणाचा आवाज आहे, त्याच्या आधी काय आहे आणि नंतर काय. शेवटी २००६ आणि २००७ चे दोन भाग. जर्मन परीकथा ज्या वाक्याने संपते, 'आणि ते मेले नसतील तर आजही जगत असतील', ते वाक्य या दोन भागांच्या नावांत वाटून दिलं आहे. आपल्या कहाण्या जशा साठा उत्तरांवर संपतात तसं ते. या दोन भागांचाच नऊ तासांच्या पुढचा ऐवज आहे, घाईने बघू नकोस, रोज एक तास पुरे.

वाळूत खेळणाऱ्या मुलांचं चित्र दिसेल तिथे दर वेळी थांब. त्या वेळी ते किती सेकंद ठेवलंय ते मोज आणि पुढचा शॉट कोणता ते लिहून ठेव. ती वही झाली की मला दाखव. तुझ्या नोंदी वाचायला मला आवडेल.